मानीव संमतीचा घोळ आणि गोव्यातले छोटे हॉटेलवाले

१९७४ चा जल कायदा आला तेव्हा गोवा केंद्रशासित होता, त्यामुळे तो इथे सुरुवातीपासूनच लागू झाला. त्या काळी प्रदूषण नियंत्रण मंडळाची संमती लागे ती सांडपाण्याच्या नव्या निचऱ्याला. १९८८ च्या दुरुस्तीने ती धंदा उभारण्यालाच लागू झाली. टाळे ठोकण्याचा, वीज-पाणी तोडण्याचा अधिकार देणारे कलम ३३अ त्याच दुरुस्तीतले.

सगळ्यात जास्त भांडण होते ते ‘मानीव संमती’वर. जल कायद्याच्या कलम २५(७) प्रमाणे अर्जानंतर चार महिन्यांत होकार-नकार आला नाही, तर बिनशर्त संमती मिळाली असे धरले जाते. पण हे चार महिने मोजायचे ते सर्व बाबतीत पूर्ण अर्जापासून. ग्रीस ट्रॅप (तेल अडवणारी टाकी), सेप्टिक टँक आणि शोषखड्डा नकाशावर दाखवलेला नसेल, तर मंडळ अर्ज अपुरा म्हणते आणि मुदत सुरूच होत नाही. म्हणून त्रुटीच्या पत्राची तारीख आणि उत्तराची पोच जपून ठेवावी. दुसरी गफलत याहून महागाची: १९८१ च्या वायू कायद्यात चार महिन्यांची मुदत आहे, पण मानीव संमती नाही. तंदूरचा धूर आणि जनरेटर पाण्याच्या संमतीत झाकले जात नाहीत. किनाऱ्यावर हंगामी हॉटेल लावणाऱ्या शॅकवाल्याचे तर आणखी अवघड. २०११ च्या किनारी अधिसूचनेतला त्याचा हंगाम सप्टेंबर ते मे. सप्टेंबरात अर्ज केला तर चार महिने भरेपर्यंत नाताळही उलटून जातो.

तपासणीत सापडणारा दोष बहुधा एकच असतो. स्वयंपाकघराचे तेलकट पाणी थेट सेप्टिक टँकमध्ये सोडलेले असते. तेलाचा थर पुढे जाऊन शोषखड्ड्याची माती बुजवतो, आणि पावसात भूजल वर आले की खड्डा उफाळतो. शेजारच्या विहिरीचा मालक तक्रार करतो ती तेव्हाच.

बंदीच्या आदेशाआधी हरकतीसाठी किमान पंधरा दिवस द्यावे लागतात. गंभीर हानीची शक्यता असेल तर मंडळाला यातून सूट आहे, आणि ती सढळ हाताने वापरली जाते. नोटीसच न देता टाळे लागले, तर उच्च न्यायालयात रिट टिकण्याची शक्यता बरी. संमती नाकारली असेल तर आधी अपील प्राधिकरण, मुदत तीस दिवस. ते सोडून थेट उच्च न्यायालयात गेलेला बहुधा परत पाठवला जातो, आणि तोवर तीस दिवस संपलेले असतात.

आता वाद सरकला आहे प्रदूषणाबद्दल मंडळ वसूल करते त्या भरपाईकडे. २०१९ पासूनच्या सूत्रात कमी प्रदूषणाच्या, म्हणजे हरित गटाचा निर्देशांक ३०, दर २५०, छोट्या उद्योगाचा गुणक ०.५. दहा लाखांखालच्या वस्तीत यांचा गुणाकार करून होतात दिवसाला ३,७५० रुपये. पण किमान मर्यादा ५,००० ची आहे, म्हणजे छोट्याला दिलेली सवलत तिथेच विरते. ऑगस्ट २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मंडळांना अशी भरपाई लावता येते असे मान्य केले, मात्र आधी नियम करण्याची अट घालून.