दवाखान्यातला तिसरा माणूस

माझ्या आत्याला एका रात्री मोठ्या शहरातल्या एका मोठ्या दवाखान्यात नेलं होतं. "जीव घाबरा होतोय," एवढंच ती पुन्हा पुन्हा सांगत होती. ड्युटीवरचा निवासी डॉक्टर दुसऱ्या राज्यातून आलेला, कामसू, दोन रात्रींचा जागा. त्याने केसपेपरवर इंग्रजीत लिहिलं की पेशंट भेदरलेली आहे, आणि झोपेची गोळी दिली. आत्या कशालाच भेदरली नव्हती. तिच्या बोलण्यात जीव घाबरा होणं म्हणजे छातीत धडधड, दरदरून घाम आणि हातापायातलं त्राण जाणं. ईसीजी निघाला तासाभराने, तोही एका सिस्टरने डॉक्टरला थांबवून सांगितलं म्हणून. सिस्टर केरळची. पण वीस वर्षं मराठी पेशंटांच्या उशाशी काढलेली, त्यामुळे तिला तो शब्द कळला. आत्या वाचली.

डॉक्टर आणि पेशंट यांच्या मधल्या या तिसऱ्या माणसाकडे तेव्हापासून माझं लक्ष जाऊ लागलं. कधी ती सिस्टर असते, कधी वॉर्डातल्या मावशी किंवा मामा, कधी कंपाउंडर, कधी दाई, आता आशाताई. आजाराचं वर्णन एका भाषेतून दुसऱ्या भाषेत पोचवण्याचं काम आपल्याकडे दोनशे वर्षं हीच माणसं करत आली आहेत.

हे काम सोपं नाही. नुसतं दुखण्याचं घ्या. मराठीत ठणका लागतो, कळ येते, चमक निघते, रग लागते, शिणक भरते, ठुसठुसतं, चुणचुणतं, जळजळतं, आग होते. ठणका म्हटलं की अनुभवी डॉक्टर पू झालाय का बघतो, आणि कळ म्हटलं की पोटाकडे किंवा छातीकडे वळतो. 'पेन' या एका शब्दात हे सगळं कोंबलं की निदानाचा निम्मा धागा तिथेच तुटतो. बायकांच्या दुखण्यांचं तर याहून अवघड. अंगावरून जाणं, पांढरं जाणं, जुन्या बायकांच्या तोंडी धुपणी. हे शब्द परक्या पुरुषासमोर उच्चारायचेच नसतात, मग त्यांचं भाषांतर कुठून व्हायचं? १९८९ साली डॉ. राणी बंग आणि सहकाऱ्यांचा गडचिरोलीतल्या दोन गावांचा अभ्यास 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात आला. तपासलेल्या ६५० स्त्रियांपैकी ९२ टक्के स्त्रियांना एक ना एक स्त्रीरोग होता, आणि पूर्वी कधी तपासणी झालेल्या जेमतेम ८ टक्के. इतकी दुखणी अंगावर काढली गेली, त्याला पैसा आणि अंतर जितकं कारण, तितकंच बोलता न येणंही.

ही दरी मुळात कशी पडली, ते पाहायला मुंबईत १८२६ सालापर्यंत मागे जावं लागतं. त्या वर्षी सरकारने डॉ. जॉन मॅक्लेनन यांच्या हाताखाली एतद्देशीयांसाठी वैद्यकशाळा काढली. शिकवण्याची भाषा मराठी आणि गुजराती. शाळा सहा वर्षं चालली आणि १८३२ मध्ये बंद झाली. कलकत्त्यातही १८२२ ची देशी भाषांतली संस्था १८३५ मध्ये मोडून तिच्या जागी इंग्रजी माध्यमाचं मेडिकल कॉलेज उभं राहिलं. मुंबईत ग्रँट मेडिकल कॉलेज १८४५ मध्ये सुरू झालं, शेजारी सर जमशेटजी जीजीभाईंच्या देणगीतून जे.जे. रुग्णालय. कॉलेजची भाषा इंग्रजी. भाऊ दाजी लाडांसारखे पहिल्या तुकडीतले विद्यार्थी दोन्हीकडे सहज वावरणारे होते, त्यामुळे सुरुवातीला हे फारसं बोचलं नसावं. पण एक गोष्ट तेव्हाच पक्की झाली. डॉक्टरचं ज्ञान इंग्रजीत, पेशंटचं दुखणं मराठीत.

पुढे १८६० च्या दशकात ग्रँट कॉलेजात मराठी-गुजराती माध्यमाचे वर्ग निघाले खरे, पण त्यातून तयार व्हायचे ते हॉस्पिटल असिस्टंट. पगार कमी, हुद्दा खालचा. माझ्या मते या सगळ्या इतिहासातली सर्वांत महागात पडलेली गोष्ट ही आहे. इंग्रजीत शिकलेला वरचा आणि पेशंटच्या भाषेत शिकलेला खालचा, अशी उतरंडच लागली. पेशंटची भाषा येणं ही वैद्यकातली पात्रता न राहता हाताखालच्या माणसाचं काम झालं, आणि आजही ते तसंच आहे.

त्या हाताखालच्या माणसांनी मात्र आपली डोकी चालवली. साठीच्या पुढच्या वाचकांना मिक्श्चरची बाटली आठवत असेल. कंपाउंडर तिच्यावर कागदाची एक उभी पट्टी डिंकाने चिकटवायचा. पट्टीच्या कडेला कात्रीने करवतीसारखे दाते पाडलेले. एका वेळेला एका दात्याइतकं औषध घ्यायचं. ना अक्षर, ना आकडा. ज्याला कुठलीच लिपी येत नाही त्यालाही सकाळ-संध्याकाळचा डोस चुकत नसे.

मिशनरी डॉक्टरांची तऱ्हा वेगळी. डॉ. विल्यम वानलेस यांनी मिरजेत १८९४ मध्ये रुग्णालय उभारलं. तिथे वरच्या अंगाने मराठी पेशंट यायचा, खालच्या अंगाने कानडी. मिशनची बहुतेक मंडळी कामाला लागण्याआधी देशी भाषा शिकत. धर्मप्रसार हा हेतू होताच, पण नाडी धरणाऱ्याला पेशंटची भाषा आली पाहिजे ही शिस्त त्यांनी पाळली, आणि सरकारी व्यवस्थेने ती कधी अंगी लावून घेतली नाही.

१८९७ चा पुण्यातला प्लेग आठवावा. रँडच्या कमिटीचे गोरे सोल्जर घराघरांत शिरून रोगी शोधत होते. लोकांनी रोगी लपवले. जुलूम, बूट घालून देवघरात शिरणं, बायकांना अंगणात उभं करून तपासणं, हे सगळं त्या संतापामागे होतंच. पण हे कशासाठी चाललंय, आपल्या माणसाला कुठे नेताहेत, तो परत येणार का, एवढं तरी लोकांना त्यांच्या भाषेत कोणी सांगायला हवं होतं. त्याच दिवसांत पुण्याबाहेर डॉ. यशवंत फुले यांच्या दवाखान्यात सावित्रीबाई स्वतः रोगी आणून पोचवत होत्या. त्यातच त्यांना प्लेगची लागण झाली आणि १० मार्च १८९७ रोजी त्या गेल्या. लोक ज्या हातांवर विश्वासून आपलं माणूस सोपवत होते, ते हात त्यांच्यातल्याच बाईचे होते.

स्वातंत्र्यानंतर मराठी डॉक्टर गावोगाव गेले आणि मराठी पेशंटचा प्रश्न बऱ्याच अंशी हलका झाला. मग लक्षात आलं की या राज्यात मराठीच परकी असलेली माणसंही लाखोंनी आहेत. गडचिरोलीतली गोंडी आणि माडिया द्राविड कुळातल्या. मेळघाटातली कोरकू मुंडा कुळातली, म्हणजे संथाळीची नातलग. नंदुरबारकडची भिली मात्र मराठी-गुजरातीच्या कुळातली. कोरकू आईशी मराठीत मोठ्याने, सावकाश बोललं की तिला कळेल असं समजणारे डॉक्टर मी पाहिले आहेत. हेतू चांगला असतो, पण आवाज वाढवून भाषा बदलत नाही.

प्रकाश आणि मंदाकिनी आमटे हे डॉक्टर दांपत्य १९७३ च्या अखेरीला भामरागडजवळ हेमलकशाला राहायला गेलं. सुरुवातीला तिथे पेशंट फिरकत नव्हते. त्यांनी माडिया शिकायला घेतली. शिकवायला पुस्तक नाही, व्याकरण नाही. वस्तूकडे बोट दाखवून तिचं नाव विचारायचं आणि लिहून ठेवायचं. लोकांचा धीर चेपला तो त्यांची भाषा बोलणारा डॉक्टर भेटल्यावर.

अभय आणि राणी बंग यांनी १९८६ मध्ये गडचिरोलीत 'सर्च' ही संस्था सुरू केली. आदिवासी दवाखान्याला का बिचकतात, हे त्यांनी आदिवासींनाच विचारलं. उत्तरं ऐकण्यासारखी होती. तिथली माणसं आमची भाषा बोलत नाहीत. पांढरे कपडे घालतात, आणि पांढरं कापड आमच्याकडे मढ्यावर घालतात. सोबतच्या माणसांना राहायला जागा नसते. देवही नसतो. म्हणून संस्थेच्या शोधग्राम या वसाहतीतला दवाखाना झोपड्यांच्या गावासारखा बांधला गेला, नातेवाइकांना सोबत राहता येईल असा, आणि आदिवासींच्या देवीवरून त्याचं नाव ठेवलं माँ दंतेश्वरी दवाखाना. भाषेचा अडसर फक्त शब्दांचा नसतो, कपड्यांचा आणि भिंतींचाही असतो, हे मला तिथून कळलं.

त्यांचंच श्वासमापक हे साधन मला त्या दातेरी पट्टीचं थोरलं भावंड वाटतं. बाळाचा श्वास मिनिटाला किती, यावरून न्यूमोनिया ओळखतात. पण गावातल्या दायांना फार पुढपर्यंत आकडे मोजता येत नव्हते. तेव्हा लाकडी चौकटीत तारेवर मणी ओवले आणि शेजारी एका मिनिटाचं वाळूचं घड्याळ बसवलं. दर दहा श्वासांना एक मणी सरकवायचा. दोन महिन्यांच्या आतल्या बाळासाठी पाच हिरवे मणी आणि सहावा लाल; त्याहून मोठ्यासाठी चार हिरवे आणि पाचवा लाल. वाळू संपण्याआधी लाल मणी सरकला की न्यूमोनिया. साठ आणि पन्नास हे वैद्यकाचे आकडे दाईच्या बोटांना कळतील अशा भाषेत आले. गावातल्याच माणसांनी न्यूमोनिया ओळखून औषध दिल्यावर बालमृत्यू कमी होतात, हे या कामाने दाखवलं. १९९० मध्ये ते 'लॅन्सेट'मध्ये छापूनही आलं.

बाहेर काय झालं तेही थोडं बघू. ऑस्ट्रेलियाने १९७३ मध्येच स्थलांतरितांसाठी फोनवरून दुभाषी मिळण्याची सरकारी सेवा सुरू केली. आज ती दीडशेहून अधिक भाषांत चालते. अमेरिकेत १९८० मध्ये फ्लोरिडातल्या एका १८ वर्षांच्या मुलाला बेशुद्धावस्थेत आणलं. क्यूबन घरच्यांनी 'इन्तोक्सिकादो' हा शब्द वापरला. त्यांच्या स्पॅनिशमध्ये त्याचा अर्थ खाण्यातून काही बाधलं. डॉक्टरांनी नशा केली असा अर्थ घेतला. मेंदूत रक्तस्राव चालू होता, तो दोन दिवस कोणाच्या ध्यानात आला नाही. मुलाचे चारही हातपाय कायमचे लुळे पडले आणि भरपाईचा आकडा सुमारे ७ कोटी १० लाख डॉलरवर गेला. तिकडे २०१६ च्या नियमांनी तर आणीबाणी वगळता लहान मुलाकडून दुभाष्याचं काम करून घ्यायला मनाईच केली.

त्याचं कारण आपल्याकडच्या कुठल्याही ओपीडीत दिसतं. बारा वर्षांची मुलगी आईच्या पाळीच्या तक्रारी डॉक्टरला सांगत असते. अर्धं तिला कळत नाही आणि अर्ध्याची लाज वाटते. मुलगा वडिलांना कॅन्सरचं नाव सांगतच नाही, 'गाठ आहे, बरी होईल' असं परस्पर भाषांतर करतो. नवरा बायकोच्या वतीने उत्तरं देतो. घरचा माणूस प्रेमाने चुका करतो, आणि त्या सापडतही नाहीत. २०२० मध्ये कोविडच्या वॉर्डांत नातेवाइकांना बंदी झाली, तेव्हा तोही आधार गेला. पीपीई किटमधून डोळ्यांखेरीज काही न दिसणारा डॉक्टर आणि खाटेवरचा पेशंट, मध्ये कोणीच नाही.

याच बाबतीत न्यायालयाशी तुलना केल्यावाचून मला राहवत नाही. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम २७९ सांगायचं की आरोपीला न समजणाऱ्या भाषेत साक्ष झाली तर ती त्याला समजणाऱ्या भाषेत सांगितलीच पाहिजे. त्याआधीच्या १८९८ च्या संहितेतही ही तरतूद होती, आणि २०२४ पासून लागू झालेल्या नव्या संहितेतही आहे. त्यामुळे कोर्टात भाषांतरकार-दुभाषी हे पगारी पद असतं. दवाखान्यात मात्र नाही. राष्ट्रीय मानवी हक्क आयोगाने २०१८ मध्ये तयार केलेल्या रुग्णहक्कांच्या सनदेत पेशंटला माहिती त्याच्या भाषेत मिळावी असं लिहिलं आहे. ती कोणी द्यायची, हे ठरवायचं राहून गेलं.

दरम्यान दरी रुंदावते आहे. पदव्युत्तर वैद्यकीयच्या सरकारी जागांपैकी निम्म्या अखिल भारतीय कोट्यातून भरतात, म्हणून मोठ्या सरकारी रुग्णालयांत रात्री पेशंट बघणारे बरेच डॉक्टर परराज्यांतले असतात. मराठी मुलामुलींचंही तेच. लातूरचा मुलगा सरकारी सेवेच्या बंधपत्रावर गडचिरोलीतल्या एटापल्लीला जातो तेव्हा तोही परकाच. २०१९ पासून एमबीबीएसच्या पहिल्या महिन्यातल्या पायाभूत अभ्यासक्रमात स्थानिक भाषा आली, ही चांगली सुरुवात आहे. पण खरी गरज पुढे वॉर्डात लागते, तिथे भाषेचा तास नाही. २०२५ मध्ये केंद्राच्या आदिवासी मंत्रालयाचं 'आदि वाणी' हे भाषांतराचं ॲप आलं, त्यात भिली आणि गोंडीही आहेत. गोंडी मात्र छत्तीसगडची घेतली आहे. मोबाइलचा उपयोग करून घ्यावाच, पण एक साधी सवयही लावून घ्यावी: औषध दिल्यावर "समजलं का?" असं विचारू नये, कारण मान सगळेच डोलावतात. "घरी गेल्यावर ही गोळी कशी घ्याल, सांगा बघू," असं विचारावं. चूक तिथल्या तिथे कळते.

मागच्या पावसाळ्यात गडचिरोलीकडच्या एका सरकारी दवाखान्यात मी अर्धा दिवस बसलो होतो. एक माडिया बाई, पोटुशी, पाय सुजलेले. तरुण डॉक्टरीण मराठीत विचारायची, आशाताई माडियात विचारायची, बाई जमिनीकडे बघून दोन शब्द बोलायची, आणि आशाताई ते मराठीत सांगताना स्वतःचं एक वाक्य जोडायची: "मॅडम, ही डोकं दुखतंय म्हणते ना, तर डोळ्यापुढं अंधारीपण येते तिच्या, लाजते सांगायला." डॉक्टरीणबाईंनी लगेच बीपी पुन्हा घेतलं आणि गाडी बोलावली. बाई जिल्ह्याला रवाना झाली. आशाताई बाकावर बसून महिन्याचा तक्ता भरू लागली. दवाखान्यातलं बाळंतपण, लसीकरण, गृहभेटी, प्रत्येक कामापुढे त्याचा मोबदला. दुपारचे ते दोन तास लिहायला त्यात रकाना नव्हता.