बिग बॉस आणि खतरों के खिलाडी: शिव ठाकरे कुठे कशामुळे हरला?

'खतरों के खिलाडी' या स्टंटच्या शोमध्ये शिव ठाकरे हरला, त्यावर "खतरोंमध्ये शिवला मतं कमी पडली", "मराठी माणूस एक झाला असता तर ट्रॉफी इकडे आली असती" ही वाक्यं ऐकून वीट आलाय. तिथे मतं होती कुठे?

बिग बॉस तुम्हाला पाठ आहे, म्हणून थोडक्यात. अमरावतीच्या शिवने २०१९ मध्ये महेश मांजरेकरांच्या सूत्रसंचालनाखालचा बिग बॉस मराठीचा दुसरा सीझन जिंकला. हिंदीच्या सोळाव्या सीझनला तो उपविजेता ठरला. फेब्रुवारी २०२३ मध्ये ती ट्रॉफी पुण्याचा रॅपर एमसी स्टॅनने नेली. त्यामुळे शिवला 'बिग बॉस विजेता' म्हणताना 'मराठी' हा शब्द गाळू नका. तो गाळला की त्याने खरंच जिंकलेल्या सीझनची किंमत कमी होते.

बिग बॉसमध्ये घरातले सदस्य एकमेकांना बाहेर जाण्यासाठी नॉमिनेट करतात आणि त्यातून कोण वाचणार हे प्रामुख्याने प्रेक्षकांच्या मतांवर ठरतं. म्हणून तिथे स्वभाव, मैत्री, भांडणातला संयम यांना भाव असतो. टास्क हरलेला माणूसही लाडका असेल तर टिकतो.

खतरों के खिलाडीत यातलं काहीच चालत नाही. शिव खेळला तो तेरावा सीझन. त्याचे स्टंट २०२३ मध्ये केपटाउनला चित्रित झाले आणि टीव्हीवर आले ते नंतर. आपण टीव्हीसमोर बसेपर्यंत तिथले बहुतेक निकाल लागून गेले होते, मग मत देणार कशाला? निकाल लावतं ते घड्याळ. पाण्याखालचे झेंडे काढायचे असतील तर कोणी किती काढले आणि किती वेळात, एवढंच मोजतात. मध्येच स्टंट सोडला, म्हणजे 'अबॉर्ट' केला, की समोरच्याचं काम सोपं होतं. हरणाऱ्याच्या वाट्याला फियर फंदा, म्हणजे बाहेर जाण्याच्या धोक्याची खूण, येतो आणि मग एलिमिनेशन स्टंट, तिथे हरला तो बाहेर. सूत्रसंचालक रोहित शेट्टी कितीही कौतुक करो, सेकंद बदलत नाहीत. त्या सीझनला डिनो जेम्स जिंकला तोही स्टंटवरच. कोणाचे चाहते जास्त याचा तिथे संबंधच नव्हता.

म्हणूनच शिवची ही वाटचाल मला मोठी वाटते. 'रोडीज'मध्ये सहस्पर्धकांची मतं, बिग बॉसमध्ये प्रेक्षकांची, खतरोंमध्ये घड्याळ, आणि पुढे 'झलक दिखला जा' या डान्स शोमध्ये परीक्षकांचे गुणही. मतांचा हिशोब मांडायचाच असेल तर तो स्टॅनसमोरच्या फिनालेचा मांडा. केपटाउनच्या निकालासाठी मराठी प्रेक्षकांना दोष देऊ नका.