मात्सुकाता आणि ओहारा: एकाच तेजीतून उभे राहिलेले दोन चित्रसंग्रह

जपानमध्ये फ्रेंच चित्रकार मोनेची कमळांची चित्रं पाहायची तर दोन ठिकाणं सांगतात: तोक्योचं राष्ट्रीय पाश्चात्त्य कला संग्रहालय आणि ओकायामा प्रांतातल्या कुराशिकी गावचं ओहारा संग्रहालय. दोन्हीकडे मोने, चित्रकार गोगँ आणि शिल्पकार रोदँ आहेत, दोन्हीमागे एकेक उद्योगपती आहे (तोक्योमागे मात्सुकाता, कुराशिकीमागे ओहारा) आणि दोघांनीही खरेदी केली ती पहिल्या महायुद्धाच्या आगेमागे. त्यामुळे मात्सुकाता कोण आणि ओहारा कोण, याची सहज सरमिसळ होते.

पैसा कुठून आला ते आधी पाहू. युरोपातले कारखाने युद्धाच्या कामाला जुंपले गेले आणि आशियाची बाजारपेठ जपानला मोकळी मिळाली. जहाजं आणि सूत या दोन धंद्यांत तर पैशाचा पूर आला. कर्जबाजारी जपान युद्ध संपेपर्यंत धनको झाला. युद्धानंतर फ्रान्सचं चलन फ्रँक घसरलं, त्यामुळे येन बाळगणाऱ्याला पॅरिसमधली चित्रं स्वस्त पडू लागली.

कोजिरो मात्सुकाता हे कोबेच्या कावासाकी गोदीचे अध्यक्ष आणि माजी पंतप्रधानांचे चिरंजीव. जर्मन पाणबुड्या जहाजं बुडवत होत्या, मागणी वाढत होती. मात्सुकातांनी गिऱ्हाईक येण्याची वाट न पाहता एकाच नमुन्याची जहाजं आधीच बांधून ठेवली आणि चढ्या भावाने विकली. त्याच विक्रीसाठी 1916 मध्ये ते लंडनला गेले आणि तिथे चित्रकार फ्रँक ब्रँग्विनशी मैत्री झाली. पुढच्या दहाएक वर्षांत त्यांनी हजारो वस्तू घेतल्या. मोनेच्या जिव्हर्नी गावी जाऊन खुद्द त्याच्याकडून चित्रं घेतली, शिवाय युरोपात गेलेली सुमारे 8,000 जपानी ठसाचित्रं परत मिळवली. डेन्मार्कचे विमा व्यावसायिक विल्हेल्म हान्सेन यांनीही तटस्थ देशाच्या युद्धकालीन सुबत्तेत फ्रेंच चित्रं जमवली होती. 1922 मध्ये तिथली मोठी बँक कोसळली, तेव्हा हान्सेनना बरीचशी विकावी लागली आणि घेणाऱ्यांत मात्सुकाता होते. एकाची तेजी ओसरली की तिच्यातली चित्रं दुसऱ्याच्या तेजीकडे अशी सरकत होती.

मागोसाबुरो ओहारांचा पैसा कुराशिकीच्या सूतगिरणीचा. जपानी गिरण्यांना कापूस मोठ्या प्रमाणावर मुंबईहून जाई. त्यासाठी जमशेटजी टाटांनी निप्पॉन युसेन कैशा या जपानी जहाज कंपनीशी हातमिळवणी करून 1893 मध्ये मुंबई–कोबे जहाजसेवा सुरू करवली होती. ओहारांनी स्वतः चित्रं निवडली नाहीत. ज्याच्या शिक्षणाचा खर्च त्यांनी उचलला होता, त्या तोराजिरो कोजिमा या चित्रकारावर त्यांनी ते काम सोपवलं. कोजिमांनी 1920 मध्ये मोनेकडून कमळं मिळवली, मग मातिसचं चित्र, आणि 1922-23 च्या फेरीत गोगँ व एल ग्रेको या चित्रकारांची. खरेदी मोजकी होती, पण हात चित्रकाराचा होता. सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे चित्रं लगेच गावी आणली गेली. 1921 मध्येच ती कुराशिकीच्या शाळेत मांडली आणि पाहायला लांबून लोक आले. 1929 मध्ये कोजिमा गेले. पुढच्याच वर्षी ओहारांनी त्यांच्या स्मरणार्थ संग्रहालय उघडलं.

मात्सुकातांना उधळे आणि ओहारांना शहाणे ठरवून मोकळं होणं सोपं आहे. मला ते अन्यायाचं वाटतं. परदेशी जाणं न परवडणाऱ्या जपानी चित्रकारांना अस्सल चित्रं पाहायला मिळावीत, हा हेतू दोघांचाही होता. मात्सुकातांनी तर तोक्योत संग्रहालयासाठी ब्रँग्विनकडून आराखडाही करून घेतला होता. घात झाला तो चित्रं समुद्रापलीकडे राहिल्यामुळे. 1923 च्या भूकंपानंतर जपानने चैनीच्या आयातीवर 100 टक्के जकात बसवली, चित्रं लंडन आणि पॅरिसमध्येच अडकली. युद्धनौकांवर मर्यादा घालणाऱ्या 1922 च्या वॉशिंग्टन नाविक तहाने त्यांचं काम थांबलं आणि 1927 च्या बँक संकटात गोदीचं कंबरडं मोडलं. जपानमध्ये आलेला भाग लिलावात फुटला. लंडनच्या गोदामातली शेकडो चित्रं 1939 च्या आगीत गेली.

पॅरिसमधली सुमारे 400 चित्रं-शिल्पं रोदँ संग्रहालयात ठेवली होती. दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस फ्रान्सने ती शत्रूची मालमत्ता म्हणून ताब्यात घेतली. मात्सुकाता 1950 मध्ये वारले, त्यांना ती परत दिसली नाहीत. 1959 मध्ये फ्रान्सने सुमारे 370 कलाकृती परत केल्या, योग्य संग्रहालय बांधण्याच्या अटीवर. ते ल कॉर्बुझिएने बांधलं, तोच चंदीगडचा वास्तुकार. काही निवडक चित्रं मात्र फ्रान्सने ठेवून घेतली. पॅरिसच्या ओर्से संग्रहालयात व्हान गॉखच्या आर्लमधल्या शयनगृहाचं चित्र आहे ना, ते त्यांपैकीच.

म्हणून कुराशिकीत जे दिसतं ते बव्हंशी एका माणसाने ठरवून निवडलेल्या चित्रांभोवती वाढलेलं आहे, तर तोक्योत जे दिसतं ते एका प्रचंड संग्रहातून वाचलेलं. मोनेचंच एक मोठं कमळचित्र 2016 मध्ये लूव्र संग्रहालयात सापडलं. मात्सुकातांनी घेतलेलं, अर्धंअधिक नष्ट झालेलं. जपानने त्याची डागडुजी करून 2019 मध्ये ते तोक्योत मांडलं.