फेमडॉम म्हणजे इंटरनेटने काढलेलं खूळ? नाही हो

बाई मालकीण आणि पुरुष तिच्या हुकमाचा ताबेदार, असा रोलप्ले म्हणजे फेमडॉम, आणि हे सगळं इंटरनेट पॉर्नने डोक्यात भरवलं असं लोक छातीठोकपणे सांगत असतात. अहो, लंडनच्या शार्लट स्ट्रीटवर थेरेसा बर्कली नावाची बाई नेमका हाच धंदा करायची आणि ती वारली १८३६ साली! गिऱ्हाईकं पैसेवाली, मार खायला स्वतःहून यायची. छड्या लवचिक राहाव्यात म्हणून ती पाण्यात ठेवायची म्हणे, आणि १८२८ मध्ये गिऱ्हाईकाला बांधायला शिडीसारखी कमीजास्त करता येणारी चौकट बनवून घेतली, तिला नावच पडलं बर्कली हॉर्स. त्या काळात साधा बल्बही नव्हता, इंटरनेट कुठलं!

दुसरी थाप, असं आवडणारा माणूस मनोरुग्णच. जागतिक आरोग्य संघटनेची २०२२ पासून लागू झालेली आजारांची यादी बघा, दोन सज्ञान माणसं राजीखुशीने करत असतील तर नुसत्या तेवढ्यावरून त्याला ती आजार म्हणत नाही. बाकी पॉर्नच्या पडद्यावर मालकीण कितीही डाफरली तरी काय चालेल काय नाही हे नीट चाललेल्या सेटवर आधीच ठरतं, आणि ठरलेला सेफवर्ड, म्हणजे थांबायचा खुणेचा शब्द, उच्चारला की मालकीणबाईंनाही थांबावंच लागतं.