फेसाची सवय आणि फ्रंट लोडचा ड्रम

पंचगंगेच्या घाटावर धुणं आपटलं जायचं, तेव्हा फेस ही कपडे निघत असल्याची खरी खूण होती. दुष्फेन, म्हणजे जड पाण्यातलं कॅल्शियम आणि मॅग्नेशियम आधी साबणाला धरतं, पांढरा चिकट साका बनतो. तो बनून उरलेला साबणच फेसाळतो आणि मळ काढतो. बोअरच्या जड पाण्यात वडी लवकर झिजते ती यामुळेच.

१९४६ साली अमेरिकेत 'टाइड' ही डिटर्जंट पावडर आली. तिच्यातला फॉस्फेट कॅल्शियमला बांधून ठेवायचा, त्यामुळे साका होईना. भारतात १९५९ मध्ये 'सर्फ' आली, १९६९ मध्ये अहमदाबादची 'निरमा'. बादलीत भिजवायच्या या पावडरी भरपूर फेसाळतात. आता फेसावरून धुण्याची ताकद कळत नव्हती, पण नजर फेसालाच सरावलेली राहिली.

फ्रंट लोड मशीनने ही सवय अडचणीत आणली. आडवा ड्रम कपडे वर उचलतो आणि खाली आपटतो, घाटावरच्या दगडाचंच काम. पाणी मात्र टॉप लोडच्या निम्म्याहून कमी. फेस दाटला की कपडे त्याच्या गादीवर पडतात, आपटतच नाहीत. पंपात हवा शिरते, पाणी नीट उपसलं जात नाही, खळबळणं वाढत जातं. उरलेला साबण दाराच्या रबरात साठून काळी बुरशी धरते. म्हणून फ्रंट लोडच्या पावडरीत फेस मारणारं सिलिकॉन किंवा थोडा साबण घालतात. जड पाण्यातला तो नकोसा साका इथे फेस फोडायच्या कामी येतो!

कमी फेसाची 'ऑल' पावडर अमेरिकेत १९४० च्या दशकातच निघाली होती. आपल्याकडे अजूनही बादलीची पावडर सर्रास मशीनमध्ये पडते. पाकिटावर 'फ्रंट लोड' लिहिलेलं बघूनच घ्या आणि ड्रॉवरच्या २ आकडा असलेल्या कप्प्यात घाला. १ हा आधीच्या भिजवणीचा, फुलाचं चित्र असलेला कंडिशनरचा. बोअरचं पाणी असेल तर पाकिटावरचं जड पाण्याचं माप घ्या, फेस कमी दिसतो म्हणून त्यावर आणखी घालू नका. तालमीच्या तांबड्या मातीतले कपडे आधी झटकून, साध्या पाण्यातून काढून मगच ड्रममध्ये टाका.

चुकून फेस दाटलाच तर मशीन थांबवून अर्धा तास तो बसू द्या. मग पावडर न घालता फक्त रिन्स आणि स्पिन चालवा, काचेवर फेस दिसेनासा होईपर्यंत.