एकच सोफिया, दोन चित्रपट: 'आब्रे लोस ओखोस' आणि 'व्हॅनिला स्काय'

स्पॅनिश अभिनेत्री पेनेलोपे क्रूझचे चित्रपट ओळीने पाहायला बसलेला प्रेक्षक एका ठिकाणी हमखास गोंधळतो. आलेहांद्रो आमेनाबारचा 1997 चा स्पॅनिश चित्रपट 'आब्रे लोस ओखोस', म्हणजे 'डोळे उघड', आणि कॅमेरॉन क्रोने 2001 मध्ये केलेली त्याची इंग्रजी पुनर्निर्मिती 'व्हॅनिला स्काय' या दोन्हींत कथा तीच आहे, नायिकेचे नाव सोफिया हेच आहे आणि ती साकारणारी अभिनेत्रीही तीच आहे. पुनर्निर्मितीत नायिका सहसा बदलते. इथे मात्र दिग्दर्शक, नायक, शहर आणि भाषा बदलली, आणि जुन्या संचातली ती एकटीच पुन्हा त्याच भूमिकेत उभी राहिली. त्यात नव्या नायकाचे नाव टॉम क्रूझ. देवनागरीत दोघांची आडनावे सारखीच दिसत असली, तरी त्यांचा एकमेकांशी संबंध नाही; पेनेलोपेच्या आडनावाचा माद्रिदमधला उच्चार 'क्रुथ'च्या जवळ जातो.

कथेचा सांगाडा दोन्हीकडे असा आहे: आईवडिलांमागे मोठी संपत्ती मिळालेला एक देखणा तरुण सोफियाच्या प्रेमात पडतो, त्याच्यावर आसक्त असलेली दुसरी स्त्री त्याला गाडीत बसवून गाडी मुद्दाम रस्त्याबाहेर घालते, त्या अपघातात ती मरते, त्याचा चेहरा विद्रूप होतो आणि त्यानंतर जे घडते त्यातले खरे किती आणि स्वप्न किती हे त्यालाच कळेनासे होते. मूळ चित्रपटात हा तरुण सेसार आहे (एदुआर्दो नोरिएगा), तर पुनर्निर्मितीत प्रकाशन व्यवसायाचा वारसदार डेव्हिड. ती दुसरी स्त्री स्पॅनिशमध्ये नाज्वा निम्री आहे, जिला आपल्याकडचे प्रेक्षक 'मनी हाइस्ट'मधली अलिसिया सिएरा म्हणून ओळखतील. इंग्रजीत ती कॅमेरॉन डियाझ आहे.

कोणता चित्रपट समोर आहे, हे सुरुवातीच्या निर्मनुष्य रस्त्यावरूनच ओळखता येते. आमेनाबारचा नायक माद्रिदच्या ग्रान व्हिया या एरवी गजबजलेल्या रस्त्यावर एकटा सापडतो, तर क्रोचा नायक न्यूयॉर्कच्या टाइम्स स्क्वेअरमध्ये. शेवट दोन्हींचा उंच इमारतीच्या गच्चीवर होतो. माद्रिदमधली ती इमारत म्हणजे तोर्रे पिकासो. तिचा वास्तुरचनाकार मिनोरू यामासाकी हाच न्यूयॉर्कच्या जुळ्या मनोऱ्यांचाही रचनाकार होता. 'व्हॅनिला स्काय' डिसेंबर 2001 मध्ये प्रदर्शित झाला, तेव्हा ते मनोरे कोसळून तीन महिने झाले होते, तरीही क्रोने पडद्यावरचे त्यांचे दृश्य काढून टाकले नाही.

परंतु खरा फरक सोफियात आहे. मूळ चित्रपटात पेनेलोपे अवघ्या तेवीस वर्षांची आहे आणि तिची सोफिया उद्यानात मूकाभिनय करून पैसे मिळवणारी, अभिनेत्री होऊ पाहणारी माद्रिदची मुलगी आहे. विद्रूप चेहऱ्याचा सेसार तिला भेटायला येतो तेव्हा ती चेहरा पांढरा रंगवून पुतळ्यासारखी स्तब्ध उभी असते. तो बोलत राहतो, आणि तिला जे वाटते आहे ते केवळ डोळ्यांतून दिसते. माझ्या मते तिच्या सुरुवातीच्या काळातले हे सर्वांत नेमके काम आहे. पुनर्निर्मितीतली सोफिया नर्तकी आहे. हा बदल तिला शोभतो, कारण पेनेलोपेने लहानपणापासून अनेक वर्षे शास्त्रीय बॅलेचे शिक्षण घेतले होते. मात्र न्यूयॉर्कमधली ही सोफिया परक्या भाषेत बोलते. माद्रिदच्या सोफियाच्या बोलण्यातली सहज थट्टा, वाक्य अर्ध्यावर सोडून हसण्याची लकब इथे आढळत नाही, आणि तिचे माधुर्य नायकाच्या स्वप्नापुरते उरते. हा दोष मी अभिनेत्रीला देत नाही. पटकथेने तिला तेवढीच जागा दिली आहे.

या दोन चित्रपटांमधल्या चार वर्षांत तिचे आयुष्यही पालटले होते. माद्रिदजवळच्या आल्कोबेंदास येथे 1974 मध्ये जन्मलेली, आईच्या केशकर्तनालयात बायकांची बोलणी ऐकत वाढलेली ही मुलगी 1999 मध्ये स्पॅनिश दिग्दर्शक पेद्रो अल्मोदोवारच्या 'तोदो सोब्रे मी माद्रे' या चित्रपटातून जगभर पोहोचली आणि हॉलीवूडमध्ये गेली, पण तिथल्या सुरुवातीच्या इंग्रजी भूमिकांचे समीक्षकांनी फारसे स्वागत केले नाही. म्हणून ज्याला दोन्ही पाहायचे आहेत त्याने आधी मूळ पाहावा, मग पुनर्निर्मिती, आणि त्यानंतर लगेच 2006 चा अल्मोदोवारचा 'व्होल्वेर' लावावा. त्यात रक्ताळलेली सुरी नळाखाली धुणारी, पुन्हा स्वतःच्या भाषेत बोलणारी रायमुंदा दिसेल. याच भूमिकेसाठी पेनेलोपेला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे पहिले ऑस्कर नामांकन मिळाले.