गोरेवाड्याचा वाघ आणि ताडोब्याचा वाघ

नागपुरात उतरलेल्या पाहुण्यांचा ठरलेला प्रश्न असतो: "गोरेवाड्याला वाघ दिसतोच म्हणतात, मग ताडोब्यापर्यंत धावपळ कशाला?" दोन्हीकडे सफारीच आहे, वाघही तोच आहे, हे खरं. पण त्या वाघाला जेवायला कोण घालतं, एवढं विचारलं की बाकीचा उलगडा आपोआप होतो.

गोरेवाड्यात माणूस घालतो. २६ जानेवारी २०२१ रोजी सुरू झालेलं हे बाळासाहेब ठाकरे आंतरराष्ट्रीय प्राणी उद्यान म्हणजे कायद्याच्या भाषेत प्राणिसंग्रहालयच. फरक इतकाच, की पिंजऱ्याऐवजी झाडोरा असलेलं मोठं कुंपणबंद आवार आहे. वाघ, बिबट, अस्वल आणि तृणभक्षी यांची आवारं वेगवेगळी. बस आत शिरली की मागचं फाटक लागल्याशिवाय पुढचं उघडत नाही. वाघ दिसण्याची जवळजवळ खात्रीच, जाणार कुठे बिचारा?

मात्र याला नाकं मुरडणाऱ्यांनी शेजारचं बचाव केंद्र लक्षात घ्यावं. आईवेगळे बछडे, जखमी जनावरं, माणसांशी संघर्ष झाल्यामुळे पकडलेले वाघ-बिबटे तिथे येतात. आईविना वाढलेला बछडा शिकार शिकत नाही. त्याला जंगलात सोडलं तर एकतर तो उपाशी मरणार, नाहीतर कुणाच्या तरी गोठ्याशी येऊन बसणार. बंदिस्त जगण्याचे धोकेही आहेतच. डिसेंबर २०२४ मध्ये याच केंद्रात तीन वाघ आणि एक बिबट्या बर्ड फ्लूने दगावले. संघर्षामुळे चंद्रपूरहून हलवलेले वाघ त्यांत होते. म्हणजे ताडोब्याच्याच जिल्ह्यातले.

ताडोब्यात वाघाला कुणी जेवायला घालत नाही. १९५५ मध्ये राष्ट्रीय उद्यान झालेलं हे जंगल आज गाभा (आतलं मुख्य जंगल) आणि बफर (त्याभोवतीचा पट्टा) मिळून सुमारे १,७२७ चौरस किलोमीटरचा व्याघ्र प्रकल्प आहे. भोवती कुंपण नाही आणि गावं लागूनच आहेत. इथे तुम्ही उघड्या जिप्सीत बसता आणि गाइड वाघाआधी रस्ता बघतो. धुळीत पंजाचा ठसा टायरच्या खुणेवर उमटलेला असेल तर वाघ गाडीनंतर गेलाय, टायरखाली चिरडलेला असेल तर आधी. मग इंजिन बंद. चितळ ओरडलं तर नुसते कान टवकारायचे, ते उगाचही घाबरतं. सांबराचा कॉल, म्हणजे धोक्याची हाक, आला की मात्र ड्रायव्हरचा हात चावीकडे जातो. एवढं होऊनही वाघ येईलच असं नाही. "पैसे वाया गेले" म्हणत गेटवर कुरकुरणाऱ्यांनी खरं तर गोरेवाड्याचंच तिकीट काढायला हवं होतं. लहान मुलं आणि म्हातारी माणसं बरोबर असतील तर मीही तेच सुचवेन, त्यात कमीपणा काही नाही.

सगळ्यांत जास्त गोंधळ मुंबईकरांचा होतो, आणि तो साहजिक आहे. बोरिवलीचं संजय गांधी उद्यान खरंखुरं राष्ट्रीय उद्यान, पण तिथली जाळीच्या बसमधली सिंह आणि वाघ सफारी बंदिस्त आहे. २०२२ मध्ये गुजरातेतल्या जुनागढच्या सक्करबाग प्राणिसंग्रहालयातून सिंहाची जोडी आली, ती वाघांच्या जोडीच्या बदल्यात. तिथला मोकळा, स्वतःची शिकार स्वतः करणारा प्राणी म्हणजे बिबट्या, आणि त्याच्यासाठी तिकीट नाही. बसमधून काढलेल्या फोटोखाली "जंगलातला वाघ" लिहिणाऱ्यांना कुणीतरी हे सांगायला हवं.

बुकिंग करतानाच हा फरक ओळखता येतो. वाहन बस असेल आणि आवारांची नावं प्राण्यांवरून असतील, तर जागा बंदिस्त समजा. मोहर्ली, कोलारा, नवेगाव असं गेट निवडायला सांगत असतील, सकाळची की दुपारची फेरी विचारत असतील, ओळखपत्राचा नंबर मागत असतील, तर ते जंगल. ताडोब्याचा गाभा मंगळवारी बंद असतो आणि पावसाळ्यात १ जुलै ते ३० सप्टेंबरही. त्या दिवसांत जायचंच असेल तर बफरची गेटं बघा.